अंगावरील खुणांचा छायाचित्रकार

न्यूयॉर्क शहरांत १९६१ पासून १९९७ पर्यंत माणसाच्या अंगावर गोंदणें हा गुन्हा होता. गोंदण्याच्या सुयांमुळें सांथीची कावीळ पसरते असें शहराच्या आरोग्यखात्याचें म्हणणें पडलें आणि गोंदणकारांचीं दुकानें बंद झालीं. महाराष्ट्रांतील एखादी गोंदणारीण त्या काळीं आपल्या सुया आणि काजळीची वाटी घेऊन तेथें जाऊन बसती, तर तिला पोलीसचौकीच पाहावी लागली असती. गंमत अशी कीं, विजेवर चालणारें गोंदण्याचें यंत्र ज्या शहरांत जन्मास आलें तें शहर न्यूयॉर्कच. सॅम्युएल ओरायली याला त्या यंत्राचें पेटंट १८९१ सालीं मिळालें; मूळ कल्पना एडिसनच्या विजेच्या लेखणीवरून घेतलेली होती. बंदीनें धंदा थांबला मात्र नाहीं. तो रस्त्यावरून उठून बिऱ्हाडांच्या बंद खोल्यांत गेला. ओळखीचा माणूस बरोबर असल्याखेरीज दार उघडत नसे. अशा दारांआड ज्याला प्रवेश मिळाला, आणि तोहि कॅमेऱ्यासह मिळाला, त्या चार्लस गेटवुड या अमेरिकन छायाचित्रकाराची ही हकीकत आहे.

गेटवुडचा जन्म १९४२ सालीं इलिनॉय संस्थानांतील एल्जिन या गांवीं झाला. मिसूरी विद्यापीठांत त्याचा विषय मानवशास्त्र हा होता, आणि त्याच्या पुढील सर्व कामाची किल्ली येथेंच सांपडते. मानवशास्त्राचा विद्यार्थी एखाद्या दूरच्या बेटावर किंवा डोंगरांत जातो, तेथील लोकांत वर्ष दोन वर्षें राहतो, त्यांची भाषा शिकतो, त्यांचे जन्ममरणाचे विधि पाहतो आणि टिपून ठेवतो. ते विधि चांगले कीं वाईट, हा प्रश्न तो प्रथम बाजूला ठेवतो. ते कसे चालतात आणि त्यांत भाग घेणाऱ्याला त्यांचा काय अर्थ वाटतो, एवढेंच विचारतो. गेटवुडनें ही दृष्टि घेतली. बेट मात्र शोधलें नाहीं. त्याला आपल्याच देशाच्या मोठमोठ्या शहरांत अशा जमाती दिसूं लागल्या.

पदवीनंतर कांहीं काळ तो स्वीडनमध्यें होता. स्टॉकहोम येथील एका छायाचित्रसंस्थेंत तो काम करीत असतां, १९६६ च्या एप्रिलमध्यें बॉब डिलन हा तरुण गायक त्या शहरीं आला. वार्ताहरांपुढें काळा चष्मा लावून सिगारेट ओढीत बसलेल्या डिलनचें जें चित्र गेटवुडनें घेतलें, तें पुढें पुष्कळ ठिकाणीं छापलें गेलें. त्याच वर्षीं तो न्यूयॉर्कला परतला आणि छायाचित्रण हाच व्यवसाय त्यानें पत्करला.

तो काळ अमेरिकेंत मोठ्या खळबळीचा होता. व्हिएतनामच्या युद्धासाठीं तरुणांची सक्तीची भरती चालू होती. बापाची नोकरी नको, बापाचा पोशाख नको, बापाचा देवहि नको, असें म्हणणारी एक पिढी रस्त्यावर आली होती. केस वाढविणारे, वसाहती करून एकत्र राहणारे, मादक द्रव्यांत मोक्ष शोधणारे, मोटारसायकलींच्या टोळ्या करून हिंडणारे, स्त्रीपुरुषसंबंधांची रूढ चौकट न मानणारे, असे नाना पंथ निघाले. समाजशास्त्रज्ञांनीं या सर्वांना मिळून प्रतिसंस्कृति असें नांव दिलें. नांव एक असलें तरी वस्तु एक नव्हती. यांतील कित्येक पंथांना एकमेकांचें तोंडहि पाहवत नसे.

या मंडळींचीं गेटवुडनें घेतलेलीं चित्रें १९७५ सालीं 'साइडट्रिपिंग' या पुस्तकांत एकत्र आलीं. आडवाटेला केलेली फेरी, असा त्या नांवाचा भाव. पुस्तकाचा मजकूर विल्यम बरोज या बंडखोर कादंबरीकारानें लिहिला. या चित्रांचें तंत्र समजून घेण्यासारखें आहे. दुरून माणूस टिपावयाचा तर लांब पल्ल्याचें भिंग लागतें. त्या माणसाला पत्ताहि लागत नाहीं. गेटवुडचें आवडतें भिंग रुंद कोनाचें होतें. त्या भिंगांतून माणसाचा चेहरा ठसठशीत यावयाचा असेल, तर त्याच्या हातभर अंतरावर जाऊन उभें राहावें लागतें. म्हणजे ज्याचें चित्र घ्यावयाचें तो चित्र घेणाराकडे पाहत असतो, आणि वेळेला त्याच्या कानशिलांतहि भडकावूं शकतो. ही जवळीक त्या चित्रांत उतरली आहे. मात्र याच भिंगाचा एक दोष असा कीं, कडेला आलेले हातपाय आणि चेहरे तें ताणून वेडेवांकडे करतें. न्यू ऑर्लिअन्स शहरीं मार्डी ग्रा या उत्सवांत मदिरा पिऊन नाचणाऱ्या गर्दीचीं त्यानें घेतलेलीं कांहीं चित्रें पाहिलीं, तर हा दोष त्यानें जाणूनबुजून वापरला असें वाटतें. तेथें तो अभ्यासकापेक्षां व्यंगचित्रकाराच्या अधिक जवळ गेला आहे.

परंतु हाच माणूस वॉल स्ट्रीटवरहि गेला. न्यूयॉर्कच्या त्या सराफकट्ट्यांतील उंच इमारतींच्या काळ्याभोर सावल्या आणि त्यांतून एकासारखा एक पोशाख करून चालणारे गृहस्थ यांचीं चित्रें त्यानें अनेक वर्षें घेतलीं, आणि १९८४ सालीं त्यांचें पुस्तक केलें. तीं चित्रें शांत, कोरीव, जवळजवळ भूमितीच्या आकृतींसारखीं आहेत. गोंदलेल्या पाठींचीं चित्रें आणि हीं चित्रें शेजारीं ठेवलीं म्हणजे गळपट्टी बांधणें हाहि एका जमातीचा देहालंकारच आहे, ही गोष्ट तो न बोलतां सांगून जातो.

गोंदणाकडे तो वळला तो स्पायडर वेब या टोपणनांवाच्या गोंदणकाराबरोबर. हा गृहस्थ बंदीपुढें गप्प बसणारा नव्हता. १९७६ सालीं न्यूयॉर्कच्या आधुनिक कलासंग्रहालयापुढें त्यानें उघड उघड एका बाईच्या अंगावर गोंदलें आणि स्वतःला अटक करवून घेतली. गोंदणें ही कला आहे, आणि कलेचें स्वातंत्र्य घटनेनें दिलेलें आहे, हा त्याचा मुद्दा. न्यायालयानें १९७८ सालीं तो मान्य केला नाहीं. दुसऱ्याच वर्षीं गोंदणकलेवर त्याचें जें पुस्तक निघालें, त्यांत गेटवुडचीं छायाचित्रें होतीं. वीस वर्षांनंतर शहरानें बंदी उठविली, त्या वेळीं अशा पुस्तकांनीं लोकांची दृष्टि पुष्कळशी बदलून टाकलेली होती.

कातड्यावरील हीं अक्षरें पुसत कां नाहींत, याचें कारणहि येथें सांगून ठेवणें बरें. कातड्याचा वरचा पापुद्रा सतत झडत असतो. त्यावर काढलेली मेंदी म्हणूनच थोड्या दिवसांत जाते. सुई शाई नेऊन सोडते ती त्या खालच्या थरांत. शरीराच्या रक्षणासाठीं फिरणाऱ्या पेशी ती परकी वस्तु समजून गिळतात, पण त्यांना ती पचवितां येत नाहीं. म्हणून त्या ती पोटांत घेऊन तेथेंच बसून राहतात. एक पेशी मेली कीं तिची शाई दुसरी गिळते. शरीर ज्या वस्तूशीं झुंजत राहतें तीच वस्तु जन्मभराचा दागिना होते. सुई मात्र निर्जंतुक हवी. एकच सुई साऱ्या आळीला फिरविली तर रोग पसरतो, हें आरोग्यखात्याचें म्हणणें चूक नव्हतें. चूक होती ती स्वच्छतेचे नियम घालून देण्याऐवजीं दारच बंद करण्यांत.

गेटवुडच्या कामांत सर्वांत महत्त्वाचा ठरलेला माणूस म्हणजे फकीर मुसाफर. नांव ऐकून श्रोत्यांना तो इकडचा वाटेल. वास्तविक तो साउथ डकोटा संस्थानांतील अ‍ॅबरडीन या गांवीं १९३० सालीं जन्मलेला रोलंड लूमिस. एका इराणी सूफी फकिराची, अंगांत खंजीर खुपसून गांवोगांव हिंडणाराची, गोष्ट त्यानें नवलकथांच्या एका सदरांत वाचली होती. तिच्यावरून हें नांव त्यानें पुढें घेतलें. लहानपणीं 'नॅशनल जिऑग्राफिक' मासिकाचे अंक आणि ज्ञानकोश चाळतांना त्याला कंबर आवळलेले, कान ताणलेले, अंगावर व्रण काढलेले दूरदेशींचे लोक दिसले. इतर मुलें तीं चित्रें पाहून हंसत. या मुलानें दार लावून तळघरांत तेच प्रयोग स्वतःच्या अंगावर आरंभिले, आणि कॅमेरा लावून त्यांचीं चित्रेंहि घेऊन ठेवलीं. हें गुपित त्यानें सुमारें तीस वर्षें जपलें. दिवसा तो जाहिरातींच्या धंद्यांतला सभ्य गृहस्थ होता. १९७७ सालीं रिनो शहरीं भरलेल्या गोंदणकारांच्या संमेलनांत तो प्रथम उघडपणें लोकांपुढें आला. स्वतःसाठीं आणि आपल्यासारख्यांसाठीं त्यानें 'आधुनिक आदिमानव' असा शब्द काढला.

येथें एक चमत्कारिक साखळी लक्षांत येते. चित्र पाहून मुलानें कृति केली. त्या कृतीचें गेटवुडनें पुन्हा चित्र घेतलें. आणि तें चित्र पाहून पुढें हजारोंनीं कृति केली. या साखळीचें पहिलें टोंक तर छायाचित्रणाहूनहि जुनें आहे.

१८३२ सालीं जॉर्ज कॅटलिन हा चित्रकार मिसूरी नदीच्या वरच्या अंगाला राहणाऱ्या मँडन लोकांत गेला. छायाचित्रणाची युक्ति जाहीर व्हावयास अजून सात वर्षें होतीं. त्यामुळें रंग आणि कुंचला एवढींच त्याचीं साधनें. त्यानें काढलेल्या मुखियांच्या तसबिरी पाहून गांवांत भीति उत्पन्न झाली, कारण चित्रांत माणसाचें आयुष्य कांहीं अंशीं ओढलें जातें अशी कित्येकांची समजूत होती. पण याच विद्येमुळें त्याला मांत्रिकाचा मान मिळाला, आणि ओकीपा या विधीच्या झोंपडींत बसूं दिलें गेलें. चार दिवसांच्या उपवासानंतर तरुणांच्या छातीचें किंवा पाठीचें कातडें सुरीनें भेदून त्यांतून लांकडी खुंट्या ओंवीत. खुंट्यांना दोऱ्या बांधून त्यांना झोंपडीच्या आढ्याला टांगीत. पायांना रानरेड्यांच्या कवट्या लोंबकळत असत. शुद्ध हरपेपर्यंत हें चाले. कॅटलिननें तीं चित्रें लोकांपुढें मांडलीं तेव्हां पुष्कळांना तीं खरीं वाटलीं नाहींत. त्यानें जागेवरच व्यापारी कंपनीच्या माणसाकडून खरेपणाचें प्रमाणपत्र लिहून घेतलें होतें, तें कामीं आलें. पुढें १८३७ मध्यें नदीनें आलेल्या आगबोटीबरोबर देवीची सांथ आली. दीड हजाराहून अधिक मँडनांपैकीं शेंदीडशें माणसेंच उरलीं. चित्रें मात्र राहिलीं, आणि शंभर वर्षांनंतर एका गोऱ्या मुलाच्या हातीं असल्याच चित्रांचीं पुस्तकें पडलीं.

'डान्सेस सेक्रेड अँड प्रोफेन' हा बोलपट १९८५ सालीं निघाला. डॅन व मार्क ज्यूरी यांनीं तो काढला, आणि कॅमेरा घेऊन हिंडणाऱ्या गेटवुडच्या मागोमाग तो प्रेक्षकाला नेतो. शेवटीं फकीर मुसाफर व त्याचा मित्र जिम वॉर्ड हे वायोमिंगच्या मोकळ्या रानांत छातीचें कातडें भेदून, दोरीनें झाडाला बांधून घेऊन, मैदानी इंडियनांच्या सूर्यनृत्याच्या धर्तीवर नाचतांना दिसतात. कातडें तुटून सुटका होईपर्यंत मागें रेटावयाचें, असा त्या नृत्याचा नियम.

वेदना दोन्हीकडे सारखीच. पण तेवढ्यानें दोन्ही गोष्टी एक होत नाहींत. मँडनांच्या झोंपडींत मुलगा टांगला जाई तेव्हां भोंवतीं वडीलधारे बसलेले असत. कोण किती धीरानें सोसतो हें ते पाहत, आणि पुढें नायक कोणाला करावयाचें तें त्यावरून मनांत ठरवीत. सारें गांव त्या विधींत गुंतलेलें असे. रानरेडे पुष्कळ यावेत, पोटाला मिळावें, ही सर्वांची मागणी त्यांत होती. वायोमिंगच्या त्या दोघांमागें गांव नव्हतें. त्यांना कोणी पाठविलें नव्हतें आणि परत गेल्यावर त्यांचा मान वाढणार नव्हता. तरीहि विधि म्हटला कीं साक्षी लागतो. ती जागा कॅमेऱ्यानें भरून काढली. गेटवुडच्या चित्रांकडे या दृष्टीनें पाहिलें तर त्यांचें खरें वजन कळतें: तो केवळ पाहुणा नव्हता, त्याच्या असण्यानेंच त्या एकाकी कृतीला विधीचें रूप येत होतें. मात्र गांव आणि कॅमेरा यांत एक फरक राहतोच. गांव दुसऱ्या दिवशीं त्या जखमांना औषध लावतें.

महाराष्ट्रांतील श्रोत्यांना हें ऐकतांना बगाड आठवल्याशिवाय राहणार नाहीं. सातारा जिल्ह्यांत वाईजवळच्या बावधनास रंगपंचमीला बगाडाची यात्रा भरते. दगडी चाकांचा अजस्र गाडा बैलांच्या जोड्या ओढतात आणि त्यावरील लांब शिडाला बगाड्या टांगलेला असतो. अशा यात्रांतून पूर्वीं नवस फेडणाराच्या पाठींत लोखंडी गळ अडकवीत. एकोणिसाव्या शतकांत इंग्रजी अमलांत त्याला बंदी झाली, आणि आज बावधनास त्याला कापडानें बांधून टांगतात. ध्यानांत घेण्याजोगी गोष्ट ही कीं बगाड्या कोणी व्हावें हें भैरवनाथाला कौल लावून ठरतें. माणूस गांवाच्या वतीनें वर चढतो. गोंदणाचेंहि तसेंच. जुन्या काळीं मुलीच्या कपाळावर आणि हातावर लहानपणींच गोंदीत. मेल्यावर दुसरा दागिना बरोबर येत नाहीं, गोंदण तेवढें येतें, ही समजूत घरोघर होती. त्या मुलीला कोणी विचारीत नसे, आणि तिनेंहि तें आपल्या स्वातंत्र्याचें चिन्ह मानलें नाहीं. सॅन फ्रान्सिस्कोचा तरुण तीच खूण करून घेतो ती समाजापासून वेगळें होण्यासाठीं. आजीनें ती करून घेतली समाजांत बसण्यासाठीं. तमिळ मुरुगभक्तांच्या कावडीचे भाले फकीर मुसाफरनें आपल्या अंगावर घेतले, तेव्हांहि हाच बदल झाला.

या उसनवारीवर सर्वांत कडक आक्षेप घेतला तो ज्यांचें तें सूर्यनृत्य त्यांनीं. संयुक्त संस्थानांच्या सरकारनें १८८३ सालीं हें नृत्य गुन्हा ठरविलें. तें करणाराचा शिधा तोडावा, त्याला कोठडींत घालावें, असे नियम झाले. ती बंदी १९३४ सालीं उठली. दरम्यान कित्येकांनीं तें लपून जिवंत ठेवलें. ज्याच्या आजोबाला ज्या नृत्यासाठीं उपाशी ठेवलें, त्याला तेंच नृत्य गोरे लोक हौसेनें आणि कॅमेऱ्यापुढें करतांना दिसावें, हें डंवचणारें आहे यांत शंका नाहीं. १९९३ सालीं लाकोटा लोकांच्या परिषदेनें आपल्या धर्मविधींचा असा वापर करणाऱ्यांविरुद्ध युद्धाची घोषणाच केली. फकीर मुसाफरची श्रद्धा खोटी होती असें त्याच्या आयुष्याकडे पाहून म्हणवत नाहीं. पण श्रद्धा खरी असली म्हणजे वस्तु आपली होते असेंहि नाहीं. गेटवुडच्या चित्रांत हा प्रश्न कोठेंच उमटलेला नाहीं. मानवशास्त्राच्या विद्यार्थ्यानें तो विचारावयास हवा होता.

दुसरी एक गोष्ट इतिहासाच्या दृष्टीनें खटकणारी आहे. जिम वॉर्डनें १९७५ सालीं लॉस एंजिलिसमध्यें अंग टोचण्याचा आणि त्यासाठीं लागणाऱ्या कड्यांचा व्यवसाय सुरू केला. त्याच सुमारास डग मॅलॉय या टोपणनांवाच्या एका धनिक स्नेह्यानें या टोचण्यांचा 'प्राचीन इतिहास' लिहून वांटला. रोमन शतनायक छातीला कडीं टोंचून त्यांना आपला झगा अडकवीत, असला मजकूर त्यांत होता. त्याला रोमन इतिहासांत आधार नाहीं. पण चित्राशेजारीं छापलेली दंतकथा चित्राइतकीच खरी वाटते, आणि ही दंतकथा पुढें वर्षानुवर्षें पुस्तकांतून फिरत राहिली.

१९८९ सालीं सॅन फ्रान्सिस्कोच्या व्ही. वेल व अँड्रिया जूनो यांनीं 'मॉडर्न प्रिमिटिव्हज्' हें मुलाखतींचें पुस्तक काढलें. फकीर मुसाफरची दीर्घ मुलाखत आणि गेटवुडचीं चित्रें त्यांत आहेत. जें बंद दारांआड होतें तें या पुस्तकानें दुकानांच्या फळीवर आणून ठेवलें. फकीर मुसाफरनें टोचण्याचें शास्त्र शिकविणारी शाळा काढली, आणि १९९२ पासून एक त्रैमासिकहि चालविलें. हातमोजे, वाफेनें शुद्ध केलेल्या सुया आणि शरीराला न बाधणारी धातु यांवर त्या शाळेंत भर असे. २०२३ सालीं घेतलेल्या प्यू संस्थेच्या पाहणींत अमेरिकेंतील शेंकडा ३२ प्रौढांच्या अंगावर गोंदण असल्याचें आढळलें. एके काळचें बंडाचें निशाण आतां कचेरींतल्या कारकुनाच्या मनगटावरहि दिसतें.

गेटवुड स्वतः १९८७ मध्यें सॅन फ्रान्सिस्कोला राहावयास गेला. पोटासाठीं त्यानें पुढें कामुक चित्रफितीहि तयार करून विकल्या. त्याच्या चाहत्यांना हा भाग झांकून ठेवावासा वाटतो, परंतु झांकण्याचें कारण नाहीं. असल्या चित्रांना प्रतिष्ठित मासिकें बिचकत, आणि नोंद ठेवणारालाहि खर्च असतोच. मात्र त्यामुळें त्याच्या उत्तरकाळच्या संग्रहांत विधि कोठें संपतो आणि विक्रीचा माल कोठें सुरू होतो हें ओळखणें अवघड झालें आहे, आणि अभ्यासकाला तें चित्रागणिक तपासूनच ठरवावें लागतें.

२०१६ च्या एप्रिलमध्यें तो सॅन फ्रान्सिस्कोंत वारला; फकीर मुसाफर २०१८ च्या ऑगस्टमध्यें गेला. गेटवुडचा संग्रह बर्कली येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बँक्रॉफ्ट ग्रंथालयाकडे आहे. अमेरिकेच्या पश्चिम भागाचा इतिहास जमविण्यासाठीं हें ग्रंथालय प्रसिद्ध असून, १८४९ च्या सुमारास सोन्याच्या शोधांत कॅलिफोर्नियांत आलेल्या माणसांच्या रोजनिशा आणि पत्रें त्याच ग्रंथालयांत ठेवलेलीं आहेत.